पाककृतीतील मौन : इडलीच्या निमित्ताने

पाककृती हा एक गद्यप्रकार आहे, हे विधान कित्येकांस प्रथमदर्शनी थट्टेचे वाटेल. कथा, निबंध, चरित्र, प्रवासवर्णन यांच्या पंक्तीस 'साहित्य' आणि 'कृती' अशा दोन मथळ्यांखालचे लेखन बसविण्यास आमचे टीकाकार सहसा राजी होत नाहीत. परंतु ज्या गद्यावर विसंबून घरोघर चूल पेटते, ते गद्य नीट लिहिले गेले आहे की नाही याची चौकशी करणे हे टीकेचे काम नव्हे, असे कोण म्हणेल? कवितेत एखादा शब्द ढळला तर रसभंग होतो; पाककृतीत ढळला तर सकाळची न्याहारी वाया जाते, आणि ती करणारीच्या मनात 'आपला हातच वाईट' अशी खंत राहून जाते. ही दुसरी हानी आम्ही पहिलीहून लहान मानीत नाही.

या परीक्षणासाठी आम्ही इडली निवडली आहे, आणि ती सहेतुक. उडदाची डाळ, तांदूळ, मीठ, पाणी यांपलीकडे तिला फारसे काही लागत नाही. तिच्यात मसाल्याची आतषबाजी नाही, की तुपाची श्रीमंती नाही. असे असून पुस्तकात पाहून प्रथमच केलेली इडली जितक्या वेळा फसते, तितका क्वचितच दुसरा पदार्थ फसत असेल. शिवाय तिचा लेखी इतिहास हजार वर्षांहून जुना आहे. साहित्य अल्प, कृती अवघड आणि परंपरा दीर्घ. म्हणूनच या गद्यप्रकाराचे गुणदोष तिच्या ठायी स्वच्छ दिसतात.

कन्नड गद्यातील अगदी प्राचीन ग्रंथांपैकी एक म्हणजे शिवकोट्याचार्यांचे 'वड्डाराधने'. तो इ. स. ९२० च्या सुमाराचा मानतात. घरी आलेल्या ब्रह्मचाऱ्यास वाढलेल्या पदार्थांत तेथे 'इड्डलिगे' हे नाव येते. केवळ नाव, कृती नाही. त्यानंतर सुमारे शंभर वर्षांनी, १०२५ च्या आसपास, दुसऱ्या चावुंडरायाने 'लोकोपकार' हा व्यवहारोपयोगी ग्रंथ रचला. उडदाची डाळ ताकात भिजवावी, बारीक वाटावी, दह्याच्या वरच्या निवळ पाण्यात कालवावी आणि तीत जिरे, धणे, मिरी, हिंग घालावे, असे तो सांगतो. पुढे चालुक्य नृपती तिसरा सोमेश्वर याच्या 'मानसोल्लासा'त, म्हणजे ११२९-३० च्या सुमारास, 'इडरिका' येते. तीही उडदाचीच, वाटलेल्या पिठाचे लहान गोळे तुपात तळून त्यांस मिरी, जिरे व हिंग लावावयाचे.

या अखेरच्या ग्रंथाशी आमच्या वाचकांचे नाते दुहेरी आहे. ज्या कल्याणीत तो रचला गेला, ते आजचे बसवकल्याण १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यात होते. आणि संस्कृत मूळ तीन खंडांत छापून अभ्यासकांच्या हाती दिले ते बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेने, श्रीगोंदेकरांच्या संपादनाखाली, १९२५ ते १९६१ या काळात. तेव्हा इडलीच्या लेखी इतिहासातील एक महत्त्वाचे पान बडोद्याच्या छापील प्रतीतून जगापुढे आले, असे म्हणावयास हरकत नाही.

आता या ग्रंथांकडे टीकाकाराच्या दृष्टीने पाहू. त्यांत दोन निरनिराळ्या जातींचे लेखन आहे. 'मानसोल्लास' हा राजाच्या उपभोगांचा ग्रंथ. त्यातील अन्नभोगाचे प्रकरण पदार्थाकडे पाहते ते पाटावर बसलेल्या माणसाच्या बाजूने: वास कसा, आकार कसा, वर काय भुरभुरले आहे. याला आम्ही भोक्त्याचे लेखन म्हणू. 'लोकोपकार' त्या मानाने पाटा-वरवंट्याच्या जवळ उभा आहे. कशात भिजवावे, किती बारीक वाटावे, कशात कालवावे, हे तो सांगतो. हे कर्त्याचे लेखन. परंतु डाळ किती वेळ भिजत ठेवावी, वाटलेले पीठ तसेच ठेवून द्यावे की लगेच वापरावे, या प्रश्नांशी दोघेही थबकतात. पाककृतीतील मौन ते हे. ज्या घरांत ही क्रिया रोजची होती, तेथे ती कोणी कोणास सांगत नव्हते. आणि जी गोष्ट सर्वांस ठाऊक असते, ती कोणीच लिहून ठेवीत नाही.

या मौनाने पुढे विद्वानांचीही परीक्षा पाहिली. भारतीय अन्नाच्या इतिहासावर ज्यांचा अधिकार सर्वमान्य आहे त्या के. टी. अचया यांनी १९९४ च्या आपल्या ग्रंथात दाखवून दिले, की या जुन्या उल्लेखांत आजच्या इडलीची तीन अंगे आढळत नाहीत: तांदळाची कणी, पिठाचे दीर्घकाळ आंबणे आणि वाफेवर शिजणे. सातव्या शतकात आलेल्या ह्युएनत्संगाने भारतात वाफवण्याचे भांडे नसल्याचे नमूद केले होते, हेही त्यांनी पुढे मांडले. यावरून, आंबवून वाफवण्याची रीत इंडोनेशियातील हिंदू राजांच्या आचाऱ्यांबरोबर इकडे आली असावी, अशी शक्यता त्यांनी अनुमान म्हणून सुचविली. पुढे लोकांनी 'असावी' गाळले आणि 'इडली परदेशची' एवढेच उरले. हा दोष अचयांचा नव्हे, वाचणाऱ्यांचा आहे.

मात्र खुद्द अनुमानाचीही छाननी व्हावयास हवी, कारण ही तिन्ही अनुपस्थिती एकाच तोलाची नाहीत. जो लेखक चिमूटभर हिंगाची आठवण ठेवतो, तो मुख्य धान्य विसरेल हे संभवत नाही. तेव्हा तांदूळ मागाहून आला, हे म्हणणे टिकते. वाफवण्याविषयी 'मानसोल्लास' मौन बाळगीतच नाही. तुपात तळावे असे तो स्पष्ट सांगतो, म्हणजे ती इडरिका आजच्या इडलीहून वड्याच्या अधिक जवळची. परंतु आंबवण्याची गोष्ट वेगळी आहे. डाळ पाण्याऐवजी ताकात भिजवणे आणि पुन्हा दह्याच्या पाण्यात कालवणे, यांत आंबटपणाची ओढ उघड दिसते. असे पीठ उष्ण प्रदेशात काही घटका राहिले तर ते आंबल्यावाचून राहील काय? लेखकाने वेळ सांगितली नाही, एवढ्यावरून वेळ दिलाच जात नव्हता असे ठरवणे म्हणजे मौनाला नकार समजणे होय.

वाफेच्या भांड्याविषयीचा आक्षेपही चुलीपुढे उभे राहून पाहिला तर सैल पडतो. केरळात पालक्काडजवळ रामश्शेरी नावाचे गाव आहे. तेथील इडलीला साचा नसतो. मातीच्या मडक्याच्या तोंडावर जाळे विणून त्यावर ओले फडके पसरतात आणि त्यावर पीठ घालून झाकतात. मोदकपात्र नसेल तेव्हा आमच्या घरांतूनही पातेल्याच्या तोंडाला फडके बांधून मोदक उकडतात. 'वाफवण्याचे भांडे' असे स्वतंत्र नाव असलेली वस्तू घरात नसणे आणि वाफवताच न येणे, या दोन गोष्टी एक नव्हेत. यावरून प्राचीन काळी इडली वाफवीत होते असे सिद्ध होते, असा आमचा दावा नाही. केवळ भांड्याच्या अभावावर एवढी मोठी इमारत उभी राहत नाही, इतकेच आमचे म्हणणे आहे.

लिखित परंपरेने जे सोडून दिले, ते हातांच्या परंपरेने पुष्कळ जपले आहे. कांचीपुरमच्या वरदराज पेरुमाळाच्या मंदिरातील नैवेद्याच्या इडलीत मिरी, जिरे, सुंठ असते. चावुंडरायाच्या मसाल्याची सावलीच जणू. मंगळूरकडील कोंकणी घरांतून फणसाच्या पानांचे द्रोण टोचून त्यांत हेच पीठ वाफवतात, ते खोट्टे. केवड्याच्या जातीच्या पानांच्या नळ्यांत घातले की मूडे. त्या पानांचा वास हा त्या पदार्थाचा अर्धा जीव. गोव्यातील सान्नां पाहावी तर तेथे, विशेषतः ख्रिस्ती घरांत, पीठ फुगवण्याचे काम उडीद करीत नाही, माडाची सूर करते. आणि आमची आंबोळी? तांदूळ, उडीद, मेथी आणि एक रात्र. इडलीची ती सख्खी बहीणच. तेव्हा मराठी-कोंकणी वाचकाला आंबवणे शिकवावे लागत नाही. त्याला फक्त त्याच्याच घरातील ज्ञानाची ओळख पटवून द्यावी लागते.

आधुनिक पाकशास्त्राच्या पुस्तकांकडे वळले म्हणजे चित्र पालटते. एस. मीनाक्षी अम्माळ यांचे तमिळ पुस्तक 'समैत्तुप् पार्', म्हणजे 'करून पाहा', १९५१ साली निघाले. आईपासून, सासूपासून दूर संसार थाटणाऱ्या नवख्या मुलीला समोर ठेवून ते लिहिले आहे, आणि यातच त्याचे मोठेपण आहे. 'सर्वांस ठाऊक असते' हे गृहीत तिने प्रथम मोडले. मराठीत कमलाबाई ओगले यांच्या 'रुचिरा'ने १९७० मध्ये वाटी-चमच्याचे माप घरोघर नेऊन तेच कार्य केले. 'अंदाजाने घ्यावे' या जुन्या शब्दामागे जी असहायता दडलेली होती, ती या लेखिकांनी दूर केली. त्यांचे ऋण आम्ही मानतो.

पण मापाच्या या विजयातून एक नवा भ्रम उपजला. जे मोजता येते तेवढेच सांगितले की कृती पूर्ण झाली, असे पुढच्या असंख्य लेखकांस वाटू लागले. एक वाटी डाळ, तीन वाट्या तांदूळ, सहा तास भिजवणे, हे सारे नेमके. आणि नंतर येतो तो शब्द: 'रात्रभर आंबू द्यावे.' इडलीच्या पाककृतीतील सर्वांत निष्काळजी शब्द हाच. कोणाची रात्र? पणजीची मे महिन्यातील की ग्वाल्हेरची जानेवारीतील? पहिलीत पीठ पहाटेपूर्वीच भांड्याबाहेर येईल. दुसरीत, पारा दहा अंशांच्या खाली उतरला असता, सकाळी ते होते तसेच निपचित पडलेले आढळेल. ग्वाल्हेरची गृहिणी पुस्तकाबरहुकूम सारे करून दगडासारख्या इडल्या ताटात घेते, आणि दोष स्वतःला देते. खरे पाहता दोष तिच्या हाताचा नसून लेखकाच्या वाक्याचा आहे. चेन्नईच्या हवेत लिहिलेले वाक्य त्याने सर्व हवांसाठी खरे मानले.

हे वाक्य सुधारता येण्याजोगे आहे, कारण पिठात काय घडते हे आता गूढ राहिलेले नाही. १९६५ साली मुखर्जी, स्टाइनक्राउस आदी संशोधकांनी इडलीच्या पिठाचा अभ्यास प्रसिद्ध केला. पीठ फुगवण्याचे मुख्य कार्य ल्युकोनोस्टॉक मेसेंटेरॉइड्स या जिवाणूचे, असे त्यांनी दाखवले. हे जिवाणू डाळ-तांदळाबरोबरच येतात, बाहेरून विरजण लागत नाही. ते वायू सोडतात आणि आम्लही तयार करतात. उडदात जो चिकट द्रव व जी प्रथिने असतात, ती त्या वायूला बुडबुड्यांच्या रूपाने धरून ठेवतात. म्हणूनच तांदळाला दुसरे धान्य चालते, उडदाला सहसा पर्याय सापडत नाही. जिवाणूंस सुमारे तीस अंशांची ऊब मिळाली तर आठ ते बारा तास पुरतात. थंडीत अठरा, प्रसंगी चोवीसही लागतात. हातानेच कालवले तर पीठ फुगते, ही समजूत सर्वत्र आहे. हाताने नीट एकजीव होते आणि थोडी ऊबही मिळते हे खरे, परंतु आंबवणारे प्राण धान्यातच असतात. 'हात वाईट' असलेल्या कोणीही हे ऐकून निश्चिंत व्हावे.

तर मग इडलीची पाककृती कशी लिहावी? आमचे उत्तर असे, की ती लक्षणग्रंथासारखी लिहावी. काव्यशास्त्रकार कवीला शब्दांची संख्या सांगत नाहीत. सिद्धीची खूण सांगतात. त्याच रीतीचा एक नमुना येथे देण्याचे धाडस करतो.

एक वाटी सालविरहित उडीद आणि तीन वाट्या उकडा तांदूळ वेगवेगळे धुऊन भिजत घालावे. उडदांत चमचाभर मेथ्या टाकाव्या. वेगवेगळे अशासाठी, की दोहोंचे वाटणे वेगळे आहे. चार ते सहा तासांनी उडीद नखाने सहज तुटू लागले की निथळून थंड पाण्याचा थोडथोडा शिपका देत वाटावे. रगडा असल्यास उत्तम. मिक्सर असल्यास पाणी बर्फासारखे गार घ्यावे, कारण पात्याच्या वेगाने पीठ तापते. वाटण लोण्यासारखे हलके आणि आकाराने वाढलेले दिसले पाहिजे. खूण अशी: वाटीभर पाण्यात त्याचा थेंब टाकावा; तरंगला तर झाले, बुडाला तर हवा कमी आहे, आणखी वाटावे. तांदूळ मात्र इतके बारीक वाटू नयेत. बोटांत बारीक रव्याचा खरखरीतपणा लागला पाहिजे, नाहीतर इडली चिकट होते. इंदूरकडे उकडा तांदूळ मिळत नसेल तर बाजारचा इडलीरवा घ्यावा, अथवा जाड तांदळांत मूठभर पोहे भिजवून वाटावे.

दोन्ही वाटणे मिठासह हाताने एकत्र करावी. पळीतून धार न लागता गोळ्याने पडेल इतके पीठ दाट असावे. भांडे निम्मे रिकामे ठेवावे, कारण पीठ जवळजवळ दुप्पट होते. यापुढे घड्याळ पाहू नये, पीठ पाहावे. वरचा पृष्ठभाग घुमटासारखा उचललेला, पळीने बाजूस सारले असता आत जाळी पडलेली, वास ताज्या ताकासारखा; ही सिद्धीची लक्षणे. थंडीत भांडे कोमट पाण्याच्या परातीत ठेवून घोंगडीत गुंडाळावे आणि दुपारपर्यंत वाट पाहण्याची तयारी ठेवावी. घुमट खचला, कडेने पाणी सुटले, वास झोंबू लागला, तर वेळ टळून गेली. त्या पिठाचे उत्तप्पे घालावे, इडलीचा हट्ट धरू नये. फुगलेले पीठ घोटू नये; एवढ्या तासांत साठलेली हवा एका घोटण्यात निघून जाते. पात्रातील पाण्यास आधी उकळी फुटू द्यावी, मग तेल लावलेल्या वाट्यांत पीठ घालून दहा-बारा मिनिटे वाफवावे. ओले बोट लावून पाहावे. चिकटले नाही तर शिजली. दोन-तीन मिनिटे निवू दिल्यावर ओल्या चमच्याने सोडवावी, म्हणजे अखंड निघते.

या नमुन्यात मापे थोडी आहेत आणि कारणे पुष्कळ. आमच्या मते कारण हेच पाककृतीच्या गद्याचे खरे बळ होय. माप एका घरापुरते खरे असते. कारण कळले की वाचक आपल्या हवेत, आपल्या भांड्यांत, आपल्या तांदळानिशी स्वतःचे माप बसवू शकतो.

याला दोन आक्षेप येतील. पहिला असा, की हाताचे ज्ञान कागदावर उतरतच नाही. ते पाहूनच शिकावे लागते. यात तथ्य आहे. थेंब तरंगतो हे लिहिता येते. तो तरंगणार आहे हे वाटताना मनगटाला आधीच कसे कळते, ते लिहिता येत नाही. परंतु शिकवणारी जवळ नाही म्हणून तर पुस्तक उघडले गेले. अशा वेळी लिहिता येण्याजोगेही न लिहिणे याला गूढता म्हणत नाहीत, आळस म्हणतात.

दुसरा आक्षेप काळाचा आहे. आज तयार ओले पीठ पिशवीत मिळते. कोइंबतूरच्या ग्राइंडरने १९५५ पासून दगडाचे कष्ट हलके केले. रव्याची झटपट इडली तर दुसऱ्या महायुद्धात तांदळाची टंचाई पडली तेव्हा जन्मली, असे बंगळूरची मावळ्ळी टिफिन रूम्स सांगते. मग एवढा खटाटोप कशाला? यंत्रांशी आमचे वैर नाही. ज्या बायकांनी पिढ्यान्‌पिढ्या पहाटे रगडा फिरवला, त्यांच्या कष्टांचे गोडवे गाणे ज्यांनी तो कधी फिरवला नाही त्यांस शोभत नाही. तयार पीठ घेणारीलाही आम्ही बोल लावीत नाही. मात्र एक भेद ध्यानी घ्यावा: ग्राइंडरने श्रम काढून घेतले, पण पिठाकडे पाहण्याचे काम घरातच ठेवले, पिशवीने तेही काढून घेतले. उद्या जाळी पडलेले पीठ कसे दिसते, ताज्या ताकाचा वास कोणता, हे घरात कोणासच ठाऊक नसेल, तर लिहून ठेवावयास सांगणार कोण? चावुंडरायाच्या काळी ही गोष्ट लिहिली गेली नाही, कारण ती सर्वांस ठाऊक होती. यापुढे ती लिहिली जाणार नाही, कारण ती कोणासच ठाऊक नसेल. दोन्ही मौने कागदावर सारखीच दिसतात, पण पहिल्यामागे भरलेले घर होते.

म्हणून पाकशास्त्रावर लिहिणाऱ्या भगिनींना व बंधूंना आमची विनंती एवढीच आहे, की पुढच्या आवृत्तीत 'रात्रभर' हा शब्द खोडावा आणि त्या जागी चार ओळी लिहाव्या: पीठ कसे दिसावे, कसा वास यावा, थंडीत काय करावे, आणि वेळ टळून गेल्यास त्याच पिठाचे काय करावे. खोट्टे, मूडे, सान्नां आणि आंबोळी करणाऱ्या घरांतील वडीलधाऱ्या बायकांकडून या ओळी आजही मिळू शकतात. त्या विचारून घ्याव्यात, आणि सांगणारीच्याच शब्दांत टिपून घ्याव्यात.